इंदापूरचा माळ आणि साहेबाचं चित्र



आजच्या व्याख्यानाचा विषय जाहीर झाला, तेव्हा माझ्या एका जुन्या विद्यार्थ्याचा फोन आला. म्हणाला, "सर, हिंदुस्थानातल्या इंग्रजांची चित्रकला, त्यांची अस्मिता, हे सगळं ठीक आहे. पण बारामती-इंदापूरशी त्याचा काय संबंध? आपल्याकडे कुठला साहेब चित्रं काढत बसला होता?" शंका रास्त आहे. तिचं उत्तर देण्यासाठीच आज इथे उभा आहे.

आधीच सांगून टाकतो, मी इतिहासाचा माणूस नाही. आयुष्यभर तत्त्वज्ञान शिकवलं. तत्त्वज्ञानात एक फार जुना प्रश्न आहे, 'मी कोण?' आपल्याकडे तो उपनिषदांपासून चालत आलाय. हाच प्रश्न सहा महिन्यांचा समुद्रप्रवास करून मुंबईला उतरलेल्या इंग्रजालाही पडत होता, फक्त वेगळ्या कारणाने. गावाकडे तो कोणा पाद्र्याचा धाकटा मुलगा, कोणा दुकानदाराचा पुतण्या. इथे एकदम 'साहेब'. मग मी नेमका कोण? पाहुणा, व्यापारी, की राजा? या प्रश्नाचं उत्तर त्याने दर वेळी ग्रंथात लिहिलं नाही. पुष्कळदा ते चित्रात दिलं, नकाशात दिलं, इमारतीत दिलं. ते आपण वाचायचं आहे.

सुरुवात बारामतीपासून करू. साल १७९४. बाबूराव नाइकांच्या आश्रयाने इथे राहिलेले मोरोपंत या वर्षी वारले. कऱ्हेकाठची बारामती त्यांनी मराठी कवितेच्या नकाशावर आणली, हे तुम्हाला मी सांगायला नको. याच सुमारास इथून दोन-तीन मजलांवर, पुण्यात, जेम्स वेल्स नावाचा एक स्कॉटिश चित्रकार तैलरंगांत माणसं रंगवत होता. सवाई माधवराव, नाना फडणीस, महादजी शिंदे यांच्या चेहऱ्यांची जी कल्पना आपल्या मनात आहे, तिच्यात या वेल्सचा वाटा मोठा आहे. सवाई माधवराव आणि नाना एकत्र असलेलं त्याचं चित्र आज लंडनच्या रॉयल एशियाटिक सोसायटीकडे आहे.

वेल्सला पुण्यात आश्रय होता तो चार्ल्स मॅलेटचा. मॅलेट म्हणजे पेशव्यांच्या दरबारातला कंपनीचा वकील. १७८६ साली पुण्याला आला आणि संगमावर राहू लागला. लक्षात घ्या, हा काळ इंग्रज राज्याचा नाही. पुण्यात मॅलेट हुकूम करत नव्हता, अर्ज-विनंत्या करत होता. दरबारी रीतिरिवाज त्याने शिकून घेतले होते. अंबर कौर नावाची हिंदुस्थानी स्त्री त्याची सहचरी होती. दोघांना तीन मुलं झाली. वेल्सने अंबर कौरचंही चित्र रंगवलंय.

आता या मॅलेटचं सगळ्यात प्रसिद्ध चित्र बघा. १७९० साली टिपूविरुद्ध पेशवे आणि कंपनी यांच्यात तह झाला. त्या तहाच्या दरबाराचं भलंमोठं तैलचित्र लंडनच्या टेट संग्रहालयाकडे आहे. पेशवा, नाना, मानकरी आणि त्या दरबारात मॅलेट. बघणाऱ्याला वाटतं, चित्रकार कोपऱ्यात बसून हे सगळं टिपतोय. प्रत्यक्षात चित्रकार थॉमस डॅनियल त्या दरबारात नव्हताच. ज्याच्या रेखाटनांवरून त्याने काम केलं, तो वेल्सही नव्हता, कारण वेल्स हिंदुस्थानात पोचला १७९१ साली. चित्र पुरं झालं १८०५ साली, इंग्लंडमध्ये. तोवर वेल्स आणि सवाई माधवराव दोघांना जाऊन दहा वर्षं झाली होती. मॅलेटही सरदारकी मिळवून मायदेशी स्थिरावला होता, आणि वेल्सच्याच मुलीशी, सुझॅनाशी, त्याने १७९९ साली लग्न केलं होतं.

म्हणजे हे चित्र पुण्याची नोंद म्हणून कमी आणि मॅलेटची स्वतःविषयीची कैफियत म्हणून जास्त महत्त्वाचं आहे. परत गेलेल्या माणसाला आपल्या लोकांना सांगायचंय की मी कोण होतो, कुठल्या थोर दरबारात बसलो होतो. त्यासाठी पेशव्याचा दरबार भव्य दिसणं त्याच्याच सोयीचं आहे. दरबार थोर, तर त्यातला वकीलही थोर! या कैफियतीत अंबर कौर मात्र नाही. तिचं चित्र वेगळं, घरातलं. जगाला दाखवायच्या चित्रात तिला जागा नाही. अस्मिता घडते तेव्हा काय चौकटीत घ्यायचं याबरोबर काय चौकटीबाहेर ठेवायचं, हेही ठरत असतं.

आणखी एक माणूस असाच कडेला राहिला. गंगाराम तांबट, पुण्याचा. मॅलेटने पुण्यात स्थानिक कारागिरांना पाश्चात्त्य पद्धतीचं रेखाटन शिकवण्याची जी सोय केली, तिच्यातून पुढे आलेला हा कलावंत. वेरूळच्या लेण्यांची रेखाटनं त्याने केली, पेशव्यांच्या शिकारखान्यातला गेंडा त्याने काढला. यातली बरीचशी चित्रं आता अमेरिकेत, येल विद्यापीठाच्या ब्रिटिश कलेच्या संग्रहालयात आहेत. शब्द ऐकलात ना? 'ब्रिटिश' कलेच्या! तांबटाच्या हाताने काढलेलं चित्र ब्रिटिश कला कसं झालं? चित्र काढवून घेणारा आणि जपून ठेवणारा ब्रिटिश होता म्हणून. हात एकाचा, डोळा दुसऱ्याचा. हे सूत्र ध्यानात ठेवा, इंदापुरात आपल्याला ते पुन्हा भेटणार आहे.

१८१८ला पेशवाई बुडाली. पाहुणा मालक झाला, आणि मालकाचं बघणं पाहुण्यासारखं नसतं.

या नव्या साहेबांपैकी पुष्कळांना चित्रं काढता येत होती, आणि तो केवळ हौसेचा भाग नव्हता. फोटोग्राफी यायची होती. किल्ला, घाट, नदीचा उतार कागदावर उतरवणं हे लष्करी काम होतं. कंपनीच्या अधिकाऱ्यांना तयार करणाऱ्या ॲडिस्कोंबच्या शाळेत गणित आणि तटबंदीबरोबर चित्रकलाही शिकवत; त्यासाठी नामांकित जलरंगकार नेमलेले असत. घरातल्या बायकाही काढत. मरिया ग्रॅहम १८०९च्या सुमारास मुंबई-पुणे भागात फिरली, तिच्या १८१२च्या प्रवासवर्णनात तिची स्वतःची रेखाटनं आहेत.

पण काढायचं काय, याची एक ठरलेली आवड होती. पडका बुरूज, वडाचं झाड, लेणं, लांबवर डोंगर आणि पुढे दोन-चार माणसं, तीही बहुधा इमारतीची उंची कळावी म्हणून! कॅप्टन रॉबर्ट ग्रिंडले हा मुंबईच्या फौजेतला अधिकारी. पश्चिम हिंदुस्थानातल्या दृश्यांचा त्याचा चित्रसंग्रह १८२६ ते १८३० या काळात लंडनमध्ये भागाभागांनी निघाला. त्यात दौलताबाद आहे, वेरूळ आहे. ग्रिंडले हे नाव ओळखीचं वाटत असेल. पुढे ज्या नावाची बँक झाली, तिची पेढी काढणारा हाच ग्रिंडले. तर या आवडीत इंदापूरचा माळ बसत नव्हता. डोंगर नाही, लेणी नाहीत. मुरमाड जमीन, बाभळी, पाऊस आला तर आला. या उजाड माळावर बसून जलरंगांत काय काढणार?

आणि तरीही हिंदुस्थानातल्या इंग्रजांनी काढलेल्या सगळ्यात परिणामकारक चित्रांपैकी एक इंदापुरातच काढलं गेलं, असं माझं म्हणणं आहे. ते चित्र म्हणजे शेताचा नकाशा.

लंडनमध्ये ग्रिंडलेचा संग्रह निघत होता, त्याच वर्षांत पुणे जिल्ह्यात रॉबर्ट कीथ प्रिंगल हा तरुण मुलकी अधिकारी जमिनीची मोजणी करत होता. प्रिंगल शिकला हेलीबरीला, कंपनीच्या मुलकी नोकरांच्या कॉलेजात. तिथे अर्थशास्त्र शिकवायला खुद्द माल्थस. त्यामुळे प्रिंगलच्या डोक्यात एक नेटकं सूत्र पक्कं बसलं होतं. पिकाच्या किमतीतून लागवडीचा खर्च वजा करा, उरतं ते निव्वळ उत्पन्न. त्यातले शंभरातले ५५ सरकारचे. सूत्र कागदावर अगदी सुबक. पण त्यासाठी लागणारे आकडे गोळा करणारी यंत्रणा कच्ची, त्यात लाचलुचपत, आणि वर धान्याचे भाव पडलेले. इंदापुरात दर इतके जड झाले की कुळं जमिनी टाकून निघून गेली. काही तर निजामाच्या मुलखात गेली. चित्र सुबक निघालं, गाव मात्र ओस पडलं.

१८३५ साली इंदापुरात हेन्री गोल्डस्मिड आला. वय तेवीस. त्याने वरिष्ठांना स्पष्ट कळवलं की दुरुस्ती करून भागणार नाही, पाया बदलावा लागेल. त्याच्या जोडीला मुंबई इंजिनिअर्सचा लेफ्टनंट जॉर्ज विंगेट, त्याच्याच वयाचा, आणि लेफ्टनंट नॅश. या पोरसवदा साहेबांनी इंदापुरात जी पद्धत बसवली, ती पुढे मुंबई इलाखाभर पसरली. १८३६ साली दर उतरवले आणि तीस वर्षं वाढवणार नाही, असं वचन दिलं. पडीक जमिनी पुन्हा लागवडीखाली आल्या. हे श्रेय त्यांना दिलंच पाहिजे. साहेबाचं सगळंच वाईट, असं म्हणायला मी आलेलो नाही.

आता ती पद्धत चित्रकलेच्या नजरेने बघू. प्रतवारी करणारा कारकून शेतात उभा राहतो आणि वहीत शेताची आकृती काढतो. आकृतीचे सारखे भाग पाडतो. प्रत्येक भागात माती खणून बघतो, किती खोल आहे, रंग काय आहे. पावणेदोन हात खोल काळी माती सर्वांत वरची, सोळा आण्यांची. मग खाली चौदा आणे, बारा आणे, असं उतरत जायचं. जमिनीत दोष असेल तर त्या भागात खूण करायची. चुनखडीची वेगळी, वाळूची वेगळी, उताराची वेगळी, उपळणाऱ्या पाण्याची वेगळी. एका दोषाला एक प्रत खाली. या खुणा युरोपीय धाटणीच्या, पण दोषांची नावं आपली, कुणब्याच्या तोंडची. मोजणीच्या साखळीची लांबी ३३ फूट, तिचे सोळा भाग आणि प्रत्येक भागाला म्हणायचं आणा. त्या साखळीचा चौरस म्हणजे १०८९ चौरस फूट, म्हणजेच गुंठा. आज तुम्ही बारामतीत प्लॉट घ्यायला गेलात की जो गुंठा मोजतात, तो हाच!

तांबट आठवतोय ना? इथेही हात कारकुनाचा आहे, शब्द शेतकऱ्याचे आहेत आणि पद्धतीला नाव विंगेट-गोल्डस्मिडचं आहे.

आता मूळ प्रश्नाकडे येऊ. हे चित्र काढणारा साहेब स्वतःला कोण समजत होता? मॅलेटला दरबारात दिसायचं होतं. विंगेटला मात्र चित्रात कुठेच दिसायचं नाहीये. त्याची प्रतिष्ठा न दिसण्यातच आहे. मी कोणाच्या बाजूचा नाही, पाटलाचा नाही, कुळाचा नाही. मी फक्त माती बघतो आणि खरं तेच मांडतो. निःपक्ष डोळा ही त्याची नवी ओळख आहे. तत्त्वज्ञानाच्या विद्यार्थ्याला इथे थांबावंच लागतं. कुठूनही न बघणारा डोळा असू शकतो का? तो साहेब कुठेतरी उभा आहेच. त्याचा पगार याच साऱ्यातून निघतो. शेताचं चित्र कितीही प्रामाणिक असलं, तरी ते ज्या प्रश्नाचं उत्तर म्हणून काढलंय तो प्रश्न 'सारा किती?' हाच आहे. त्यामुळे त्यात मातीची खोली दिसते, शेतकऱ्याच्या डोक्यावरचं कर्ज दिसत नाही. बैल कोणाचा, बियाणं कोणाकडून आणलं, खत कोणाकडे लिहून दिलंय, यातलं काही त्या वहीत नाही. आणि गंमत बघा, सावकाराचा फास आवळत चाललाय, हा इशारा १८५२ साली खुद्द विंगेटनेच दिला होता. त्याला ते दिसलं, पण त्याच्या चित्रात त्यासाठी जागाच नव्हती.

पुढची पायरी डिकसळला आहे. १८५८ साली पुण्याहून निघालेली रेल्वे भीमेकाठी डिकसळपर्यंत आली. गोल्डस्मिड १८५५ सालीच कैरोला वारला होता. त्याचं स्मारक करायचं ठरलं. मुंबईत तेव्हा साहेबांचे पुतळे होते. टाऊन हॉलमध्ये एल्फिन्स्टन आणि माल्कम संगमरवरात उभे होते, लंडनच्या चँट्रीने घडवलेले. गोल्डस्मिडचा पुतळा मात्र केला नाही. जिथे मोजणी सुरू झाली त्या भागात, डिकसळला, वर्गणीतून एक विश्रामस्थान बांधलं. १८६५ साली गव्हर्नर बार्टल फ्रियरने त्याचं उद्घाटन केलं.

मला हे फार अर्थपूर्ण वाटतं. प्रवाशांसाठी धर्मशाळा बांधावी, हा आपल्याकडचा पुण्याचा मार्ग. अहिल्याबाईंनी ठिकठिकाणी तेच केलं. साहेब आता तीच भाषा बोलतोय. मी पाहुणा नाही, नुसता मोजणारा डोळाही नाही, मी इथला उपकारकर्ता आहे, हे त्या इमारतीतून सांगायचंय. १८५७ होऊन आठच वर्षं झालीत, राज्य कंपनीकडून राणीकडे गेलंय, तेव्हा हे स्वतःला आणि इतरांना पटवणं जास्तच गरजेचं होतं.

पण पुढे काय घडलं? अमेरिकेतल्या यादवी युद्धामुळे कापसाचे भाव चढले होते, त्याबरोबर सगळंच महागलं. नेमकी तेव्हा इंदापूरची तीस वर्षांची मुदत भरली. १८६७ साली दर वाढवले. मग तेजी ओसरली, भाव घसरले, कर्ज मात्र राहिलं. आणि १२ मे १८७५ रोजी सुप्यात लोक सावकारांच्या दारात जमले. सुपे तेव्हा भीमथडी तालुक्यात होतं, आज आपल्या बारामती तालुक्यात. बाजाराचा दिवस होता. लोकांनी वह्या आणि खतं बाहेर काढून जाळली. दंग्याचा रोख सावकाराच्या जिवावर नव्हता, त्याच्या कागदांवर होता. शेतकऱ्याने जणू सांगितलं, माझं जे चित्र तुम्ही कागदावर काढलंय, ते मला मान्य नाही. सारावाढ किती जबाबदार आणि सावकारी किती, यावर सरकारच्या चौकशीतही मतभेद झाले. पुढे १८७९ला शेतकऱ्यांसाठी कायदा आला. त्याच्या तपशिलात आज जात नाही. डिकसळच्या उद्घाटनानंतर दहाच वर्षांनी, त्याच टापूत, उपकारकर्त्याच्या त्या प्रतिमेला तडा गेला, एवढंच सांगायचंय.

आता कोणी म्हणेल, सर, हे साहेब गेले, त्यांची अस्मिता गेली, आपल्याला काय त्याचं?

मंडळी, अस्मिता गेली, चित्र राहिलं. सातबारा काढायला तुम्ही जाता, तेव्हा त्याच चित्राच्या वंशजाकडे जाता. एकत्रीकरणात सर्व्हे नंबरांचे गट नंबर झाले, पण शेत म्हणजे एक आकृती, एक आकडा आणि एक प्रत, ही कल्पना तीच. माझ्याच घरातलं सांगतो. भावकीतला बांधाचा वाद निघाला की आमचे वडील म्हणायचे, "नकाशा काय म्हणतो ते बघा." आजोबा असते तर म्हणाले असते, "शेजारच्या म्हाताऱ्याला बोलवा." एका पिढीत साक्षीदार बदलला. आता आमची मुलं मोबाइलवर नकाशा बघतात.

दुसरं उदाहरण भिगवणचं. हिवाळ्यात तिथे रोहित पक्षी येतात. पुण्या-मुंबईहून मोठमोठ्या लेन्सचे कॅमेरे घेऊन माणसं येतात. सुंदर फोटो असतात, मी स्वतः भिंतीवर लावलाय एक. पण ते पाणी उजनी धरणाचं आहे. त्याखाली गावं आहेत, काळी सोळा आण्यांची रानं आहेत. पाणी ओसरलं की पळसदेवचं जुनं देऊळ वर येतं, तेव्हा आपल्याला आठवण होते. फोटो खोटा नाही, पण तो काढणारा काठावर उभा आहे. ज्याचं रान खाली गेलं, त्याने तोच फोटो काढला असता का? बघण्याची ती दोनशे वर्षांपूर्वीची ठरलेली आवड, डोंगर, पाणी, पक्षी आणि माणूस नको, ती साहेबाबरोबर बोटीत बसून गेली नाही. ती आता आपली झालीय.

म्हणून इंग्रजांची कला आपण अभ्यासायची, ती त्यांचे दोष मोजायला नव्हे. त्यांनी 'मी कोण' याची उत्तरं दिली, ती इथल्या माणसांची आणि इथल्या मातीची चित्रं काढून दिली. आपणही आता कोणाची तरी चित्रं काढतो. ऊसतोड कामगाराची काढतो, धनगराच्या मेंढरांची काढतो, आणि त्यातून स्वतःला कोणीतरी ठरवतो. तेव्हा कुठलंही चित्र, नकाशा, फोटो समोर आला की तीन गोष्टी विचारा. हात कोणाचा होता? पैसे कोणी दिले? आणि काढणारा उभा कुठे होता? माझ्या त्या विद्यार्थ्याला फोनवर एवढंच म्हणालो की चित्र तुझ्या घरात आहे, कपाटातला सातबारा काढ.

वेळ संपत आलीय. संयोजक घड्याळाकडे बघतायत, ते मला दिसतंय. कोणाला काही विचारायचं असेल तर जरूर विचारा, आणि डिकसळ, सुपे, पळसदेव भागातले कोणी आले असतील तर त्यांनी आधी बोलावं. तुमच्या घरी जुन्या मोजणीचे कागद असतील तर ते मला बघायचेत.